ब्रिक्स चढतो, साखर उतरते: ‘इन्व्हर्जन’ म्हणजे नेमके काय?

हंगाम सुरू झाला की बारामती आणि इंदापूर तालुक्यांत दोन गोष्टींची चौकशी सगळ्यात जास्त होते. टोळी कधी येणार, आणि कारखान्याचा उतारा किती बसला? पहिल्या प्रश्नाचे उत्तर चिटबॉयकडे किंवा गटऑफिसात मिळते. दुसऱ्याचे उत्तर मात्र आकड्यात मिळते आणि आकड्यापाशीच थांबते. उतारा का पडला, असे विचारले की कोणी पावसावर बोट ठेवतो, कोणी खोडव्यावर, कोणी व्यवस्थापनावर. माळेगाव, सोमेश्वरनगर, भवानीनगर, बिजवडी, कुठल्याही कारखान्याच्या केमिस्टला विचारा. तो या कारणांबरोबर आणखी एक शब्द उच्चारेल: इन्व्हर्जन. हा शब्द सेंद्रिय रसायनशास्त्रातला आहे, पण त्याचा संबंध थेट फडात पडलेल्या मोळीशी आहे. म्हणून तो ऊस उत्पादकाला, गुऱ्हाळवाल्याला आणि बारावीत विज्ञान शिकणाऱ्या त्यांच्या मुलांनाही नीट कळायला हवा.

आता बऱ्याच शेतकऱ्यांकडे हातातला ब्रिक्स मीटर असतो. रसाचा थेंब काचेवर टाकायचा, उजेडाकडे धरून आकडा वाचायचा. ताज्या उसाचा आकडा २० आला आणि तोडून तीन-चार दिवस पडलेल्या उसाचा २१ आला, तर कोणालाही वाटेल की ऊस थोडा सुकला, वजन घटले, पण गोडी तर वाढली. म्हणजे साखर कुठे गेली नाही. हा समज सर्वात महागात पडतो. ब्रिक्स मीटर साखर मोजतच नाही. रसात विरघळलेला एकूण घन भाग किती, एवढेच तो प्रकाशाच्या वक्रीभवनावरून सांगतो. त्यात सुक्रोज आले, ग्लुकोज-फ्रुक्टोज आले, क्षार आले, आम्ले आली. या सगळ्यांतून पोत्यात भरता येईल अशी दाणेदार साखर फक्त सुक्रोजची होते.

सुक्रोजचा एक रेणू म्हणजे ग्लुकोज आणि फ्रुक्टोज या दोन साध्या शर्करांची जोडी. आम्ल असेल किंवा इन्व्हर्टेज नावाचे विकर असेल, तर पाण्याचा एक रेणू मध्ये शिरतो आणि ही जोडी फुटते. सुक्रोजचा रेणुभार ३४२, पाण्याचा १८; फुटून निघालेल्या दोन शर्करा प्रत्येकी १८० च्या, मिळून ३६०. म्हणजे १०० किलो सुक्रोज फुटले तर सुमारे १०५ किलो ग्लुकोज-फ्रुक्टोजचे मिश्रण तयार होते. पाच किलो पाणी त्या शर्करेचाच भाग होऊन बसले. ब्रिक्स का चढतो याचे अर्धे उत्तर इथे आहे. उरलेले अर्धे उसातले पाणी उडून जाण्यात. जिभेलाही फसवणूक कळत नाही, कारण फ्रुक्टोज सुक्रोजपेक्षा गोड लागते.

या फुटण्याला ‘इन्व्हर्जन’, म्हणजे उलटणे, असे नाव पडले ते प्रकाशामुळे. फ्रेंच शास्त्रज्ञ झाँ-बाप्तिस्त बियो यांनी १८१५ च्या सुमारास दाखवले की काही द्रवांतून आणि द्रावणांतून ध्रुवित प्रकाश गेला की त्याचे प्रतल एका बाजूला वळते. सुक्रोज ते उजवीकडे वळवते. रसायनशास्त्राच्या मापात अधिक ६६.५ अंश. फुटल्यावर निघालेले ग्लुकोज उजवीकडेच वळवते, पण कमी, अधिक ५२.७. फ्रुक्टोज मात्र डावीकडे आणि जोरात वळवते, सुमारे वजा ९२. दोघांचे समभाग मिश्रण केले की सरासरी डावीकडे झुकते, साधारण वजा २० अंश. सुरुवातीला प्रकाश उजवीकडे वळवणारे द्रावण शेवटी तो डावीकडे वळवू लागले. दिशा उलटली म्हणून ‘इन्व्हर्जन’, आणि तयार झालेल्या मिश्रणाचे नाव ‘इन्व्हर्ट शुगर’. जर्मनीत लुडविग विल्हेल्मी यांनी १८५० मध्ये हेच वळण घटत जाताना मोजले. रासायनिक क्रियेचा वेग गणितात बसवण्याच्या पहिल्या प्रयत्नांत त्यांच्या या कामाची गणना होते. १९१३ मध्ये लिओनोर मिकेलिस आणि मॉड मेंटेन यांनी विकरांच्या वेगाचे जे समीकरण दिले, तेही इन्व्हर्टेजवरच्या प्रयोगांतून. जगभरच्या जीवरसायनशास्त्राचे एक मूळ साखरेच्या या फुटण्यात आहे, ही गोष्ट ऊसपट्ट्यातल्या शिक्षकांनी वर्गात अभिमानाने सांगावी अशी आहे.

कारखान्याच्या प्रयोगशाळेत ज्याला ‘पोल’ म्हणतात, ते हेच वळण. गाळलेला स्वच्छ रस २०० मिलिमीटरच्या नळीत भरून पोलारीमीटरखाली धरतात आणि प्रकाश किती वळला यावरून सुक्रोजचे प्रमाण काढतात. या मापाची साखर उद्योगातली एक ठरलेली खूण आहे: २६ ग्रॅम शुद्ध सुक्रोज १०० मिलिलिटर द्रावणात असेल तर वाचन बरोबर १०० यायला हवे. मग पोलला ब्रिक्सने भागून शंभराने गुणले की शुद्धता मिळते, जिला कारखान्यात सगळे ‘प्युरिटी’ म्हणतात. समजा, ताज्या रसाचा ब्रिक्स २० आणि पोल १८ आहे, शुद्धता ९०. तोच ऊस उन्हात पडून राहिला, ब्रिक्स २०.८ झाला आणि पोल १६.५ वर आला, तर शुद्धता ७९ च्या आसपास. तुमच्या हातातल्या मीटरने सुधारणा दाखवली आणि प्रत्यक्षात साखरेचा मोठा वाटा गेला. म्हणून माझा पहिला सल्ला हाच: उसाबद्दल बोलताना नुसता ब्रिक्स सांगणाऱ्यावर विसंबू नका. पोल किती, शुद्धता किती, हे विचारा.

पोलही डोळे झाकून मानण्यासारखा नाही, हे जाणकाराने लक्षात ठेवावे. इन्व्हर्ट शुगर उलट्या बाजूला वळवत असल्याने एक किलो सुक्रोज फुटले की पोल सुमारे एक किलो तीनशे ग्रॅम कमी झाल्यासारखे दाखवतो. याच्या उलट, शिळ्या आणि जळक्या उसात ल्युकोनोस्टॉक नावाचे जिवाणू शिरतात आणि सुक्रोजपासून डेक्स्ट्रान हा चिकट पदार्थ तयार करतात. डेक्स्ट्रान प्रकाशाला सुक्रोजच्या जवळजवळ तिप्पट उजवीकडे वळवते. त्यामुळे खराब उसाचा पोल खोटाच चांगला दिसू शकतो, आणि वर तोच चिकट पदार्थ गाळणी अडवतो, पॅनमध्ये दाणा लांबट करतो. यावरचा जुना उपाय क्लेर्जे पद्धतीचा आहे: रसाचा पोल एकदा तसाच मोजायचा, मग आम्लाने किंवा विकराने मुद्दाम पूर्ण इन्व्हर्जन करून पुन्हा मोजायचा, आणि दोन वाचनांतल्या फरकावरून खरे सुक्रोज काढायचे. ज्या इन्व्हर्जनने नुकसान होते, त्याच्याच मदतीने नुकसान मोजले जाते.

उभ्या, पक्व उसात इन्व्हर्टेज बराचसा शांत असतो. शेंड्याकडच्या वाढत्या कांड्यांत मात्र तो जोरात काम करतो, कारण वाढीला साधी शर्करा लागते. म्हणूनच वाडे खालच्या योग्य पेरावर तोडणे आणि बुडखा जमिनीलगत छाटणे या दोन्ही गोष्टींना रासायनिक कारण आहे. बुडातल्या कांड्यांत सुक्रोज सर्वात जास्त. शेंड्यात इन्व्हर्ट शुगर जास्त. कोयता वर चालला की बुडाची साखर रानात राहते आणि शेंड्याची फुटकी शर्करा गव्हाणीत जाते. अवेळी दिलेला युरिया आणि तोडणीच्या तोंडावरचे भरघोस पाणी ऊस वाढतच ठेवतात, पिकू देत नाहीत, परिणाम तोच.

ऊस तोडला की जखमेच्या तोंडाशी, सुकण्याने आणि उष्णतेने इन्व्हर्टेज जागा होतो. इथे थंडीतला आणि उन्हाळ्यातला फरक फार मोठा आहे. डिसेंबरात एक दिवस थांबलेली गाडी आणि मार्च-एप्रिलच्या बारामतीच्या उन्हात एक दिवस थांबलेली गाडी यांचे नुकसान सारखे नसते. हार्वेस्टरने तोडलेल्या उसाला तर आणखी घाई हवी, कारण आखूड तुकड्यांमुळे कापलेली तोंडे कितीतरी पटीने वाढतात. जाळून तोडलेल्या उसाची साल तडकते आणि जिवाणूंना दार उघडे मिळते. पाचट जाळू नका हा सल्ला आपण जमिनीच्या कर्बासाठी ऐकत आलो. तो साखरेसाठीही तितकाच खरा आहे.

म्हणून तोडणी ते गाळप हे अंतर चोवीस तासांच्या आत ठेवण्याचा आग्रह धरा. वाहन नक्की झाल्याशिवाय टोळीला पुढचा पट्टा तोडू देऊ नका, मग मुकादम कितीही घाई करो. तोडलेला ऊस थांबणारच असेल तर मोळ्या सावलीत एकत्र रचा, वर पाचटाचे किंवा वाड्याचे आच्छादन घाला आणि हलके पाणी शिंपडा. एवढ्याने इन्व्हर्जन थांबत नाही, पण मंदावते, आणि वजनही कमी घटते. कालवा, उपसा, विहीर यांचे शेवटचे पाणी जमिनीच्या मगदुरानुसार तोडणीच्या दहा-पंधरा दिवस आधी तोडा. पक्वता पाहायची असेल तर ब्रिक्स मीटर इथे खरोखर कामाचा आहे. बांधाकडचा ऊस सोडून फडातले पाच-सहा ऊस घ्या, प्रत्येकाचा बुडाकडचा आणि शेंड्याकडचा ब्रिक्स वेगळा मोजा. शेंड्याचा आकडा बुडाच्या आकड्याजवळ आला की ऊस पक्व. शेंडा फारच मागे असेल तर थांबणे हिताचे. मोजण्यापूर्वी शुद्ध पाण्याने मीटर शून्यावर आणा. आणि त्यात तापमानाची आपोआप दुरुस्ती नसेल तर ते पाणी आणि रस एकाच तापमानाचे ठेवा.

पैशाचे गणित थोडक्यात मांडतो. २०२५-२६ च्या हंगामासाठी केंद्र सरकारने १०.२५ टक्के उताऱ्याला टनाला ३,५५० रुपये एफआरपी ठरवली. त्यावरच्या प्रत्येक ०.१ टक्क्याला टनामागे ३४ रुपये ६० पैसे वाढतात आणि खाली त्याच दराने कमी होतात. साडेनऊ टक्क्यांखाली मात्र घट थांबते. उतारा साऱ्या कारखान्याचा मिळून धरला जातो, तुमच्या एका फडाचा नव्हे. त्यामुळे ‘माझ्या गाडीचे वजन झाले, आता साखर गेली तर कारखान्याची’ असे म्हणणे चुकीचे आहे. दहा लाख टन गाळप करणाऱ्या कारखान्यात इन्व्हर्जनने उतारा ०.१ टक्का खाली गेला, तर सभासदांच्या वाट्याचे ३ कोटी ४६ लाख रुपये जातात. शिळ्या उसाचे नुकसान वक्तशीर शेतकऱ्यालाही भरावे लागते. वार्षिक सभेत दरावर जेवढे बोलले जाते, त्याच्या निम्म्याने जरी ‘तोडणी ते गाळप किती तास’ यावर बोलले गेले, तरी दर आपोआप वर येईल असे मला मनापासून वाटते.

कारखान्यात गेल्यावर हीच लढाई चुन्याने लढतात. उसाचा रस मुळातच किंचित आम्लधर्मी असतो, सामू साधारण सव्वापाच ते साडेपाच. गार रसात आम्लाचे काम संथ चालते. तापवल्यावर ते भरभर वाढते. म्हणून रस उकळण्यापूर्वी चुन्याची निवळी घालून सामू सातच्या जवळ आणतात. चुना जास्त झाला तर ग्लुकोज-फ्रुक्टोज मोडून रस काळवंडतो, तेही नको. मिलच्या कोपऱ्यांत रस साचून आंबू नये म्हणून वाफेने आणि जंतुनाशकाने होणारी सफाईसुद्धा याच कारणासाठी.

मद्यार्काचा प्रकल्प असेल तर हिशेब थोडा बदलतो. यीस्ट स्वतःच इन्व्हर्टेज तयार करते, सुक्रोज फोडते आणि मग आंबवते. त्यामुळे मळीतली फुटकी शर्करा इथेनॉलसाठी वाया जात नाही. मात्र शिळ्या उसात जी शर्करा जिवाणूंनी खाल्ली आणि आम्ल केली, ती ना पोत्यात येते ना टाकीत. ‘इथेनॉल करायचेच आहे, मग शिळा ऊस चालेल’ हा युक्तिवाद कोणी केला तर त्याला हे सांगा.

इंदापूरच्या बोरी परिसरात द्राक्षबागाईतदारही ब्रिक्स मीटरच वापरतात, आणि तिथे तो नेमके काम करतो. द्राक्षात मुळातच ग्लुकोज आणि फ्रुक्टोज असते. दाणेदार साखर काढायचीच नसते, गोडी आणि आम्लता यांचा मेळ पाहायचा असतो. शेजारच्या बागेत भरवशाचे असलेले उपकरण उसाच्या फडात अपुरे पडते ते यामुळे.

गुऱ्हाळवाल्यांसाठी हा विषय साखर कारखान्याइतकाच जिव्हाळ्याचा आहे. ढेप बसली नाही, गूळ मऊ राहिला, पावसाळ्यात पाझरू लागला, तर पहिला संशय इन्व्हर्ट शुगरवर घ्या. ती हवेतली ओल ओढते आणि सुक्रोजचे कण जमू देत नाही. शिळा ऊस, कोवळा खोडवा, चरकाखालची आंबट टाकी, रस काढून काहिलीत जायला लागलेला उशीर, मंद जाळावर रेंगाळलेले आधण: यांतले काहीही कारण असू शकते. चरक आणि टाकी रोज गरम पाण्याने धुवा, रस लगेच चुलाणावर चढवा, चुन्याची निवळी मोजून घाला आणि सामू सव्वासहा ते साडेसहाच्या दरम्यान ठेवा. पाक ११८ अंशांच्या आसपास आला की गुळव्याची नजर आणि थर्मामीटर यांचे एकमत होते. काकवीसाठी १०५-१०६ अंशांना थांबतात. काकवी पातळच राहायला हवी, म्हणून तिच्यात थोडी इन्व्हर्ट शुगर असणे गुणाचेच. आपल्या स्वयंपाकघरातही हेच चालते: पाकातल्या पुऱ्यांच्या पाकात लिंबू पिळतात, कारण आम्लाने थोडे सुक्रोज फुटते आणि पाकाची पुन्हा साखर होत नाही.

एक सावधगिरी मात्र हवी. मऊ गुळाचे खापर दर वेळी इन्व्हर्जनवर फोडू नका. कालव्याखालच्या भारी, पाणथळ जमिनी खारवट आणि चोपण होतात, हा या भागाचा जुना रोग आहे. अशा रानातल्या उसाच्या रसात क्षार वाढतात. तो गूळ खारट लागतो आणि तोही ओल ओढतो. इथे चुन्याने काही साधत नाही, निचराच करावा लागतो. अशा ताणाच्या जमिनींसाठी माळेगाव खुर्दला राष्ट्रीय अजैविक ताण व्यवस्थापन संस्था आहे आणि बारामतीचे कृषी विज्ञान केंद्रही जवळच. माती-पाण्याची तपासणी करून घ्या आणि मग गुऱ्हाळाला दोष द्या.

आता विद्यार्थ्यांसाठी. बारावीच्या रसायनशास्त्रात ‘इन्व्हर्जन’ हा शब्द दोनदा भेटतो आणि दोन्ही ठिकाणी त्याचा अर्थ वेगळा आहे. हॅलोजन व्युत्पन्नांच्या धड्यात जे येते ते वॉल्डन इन्व्हर्जन. पाउल वॉल्डन यांनी रीगा इथे १८९६ मध्ये मॅलिक आम्लावर काम करताना ते दाखवले. एसएन२ क्रियेत येणारा गट कार्बनच्या मागच्या बाजूने धडकतो, जाणारा गट पुढून सुटतो आणि उरलेले तीन बंध वाऱ्यात छत्री उलटावी तसे दुसऱ्या बाजूला वळतात. इथे कार्बनभोवतीची रचना उलटते. साखरेच्या इन्व्हर्जनमध्ये उलटते ते मिश्रणाच्या प्रकाशवळणाचे चिन्ह. नाव त्या चिन्हावरून आहे, एखाद्या कार्बनच्या रचनेवरून नव्हे. उत्तरात हे दोन मिसळले की गुण जातात. चिन्ह बदलले म्हणजे रचना उलटलीच, असे धरणेही चूक. एसएन२ क्रियेत रचना उलटूनही चिन्ह तेच राहू शकते.

दुसरा गोंधळ डी आणि अधिक-उणे यांचा. ग्लुकोज आणि फ्रुक्टोज दोन्ही ‘डी’ मालिकेतले, पण ग्लुकोज अधिक आणि फ्रुक्टोज उणे. ‘डी’ हे रेणूच्या रचनेचे नाते सांगते, अधिक-उणे चिन्ह प्रकाश कुठे वळला ते सांगते. म्हणून डी-फ्रुक्टोज डावीकडे वळवते या वाक्यात काहीच विसंगती नाही.

शाळा-महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत हे सगळे एका दुपारी दाखवता येते. शुद्ध सुक्रोज बेनेडिक्ट द्रावणाला दाद देत नाही. ग्लुकोज आणि फ्रुक्टोज त्याला विटकरी तांबडे करतात. साखरेच्या द्रावणात सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लाचे थोडे थेंब टाकून पाच-दहा मिनिटे गरम पाण्यात ठेवा, मग सोड्याने आम्ल मारा आणि बेनेडिक्ट घालून पुन्हा तापवा. निळ्याचे तांबडे होईल. आम्ल मारायला विसरलात तर चाचणीच फसेल, कारण बेनेडिक्टला अल्कधर्मी माध्यम लागते. त्याच वेळी ताज्या उसाचा रस आणि चार दिवस उन्हात ठेवलेल्या उसाचा रस सारखेच पातळ करून शेजारी तपासा. ताज्या रसातही थोडी साधी शर्करा असतेच, म्हणून रंग आला की नाही यापेक्षा किती गडद आला ते पाहा, आणि दोन्ही रसांचा ब्रिक्स बाजूला लिहून ठेवा.